कुंपणावरचा जनरल

"बाई, आहात का घरात? आमच्या नातीला शाळेत ओडफी कपाचं चित्र काढायला सांगितलंय. हा तोच ना हो तुमचा पोलिसवाला ओडफी?"

वहिनींची हाक आली की मी गॅस बारीक करते. इथे डब्लिनच्या लूकन भागात घरं जोडीजोडीनं बांधलेली, मागे हातभर अंगण आणि मध्ये लाकडी फळ्यांचं कुंपण. वहिनी सातारच्या, लेकीकडे आलेल्या, मी मुलाकडे. त्यांचे यजमान फौजदार म्हणून निवृत्त झाले, मी शाळेत इतिहास शिकवून. पाऊस थांबला की दोघी कपडे घेऊन बाहेर, आणि मग फळीवर कोपरं टेकून जे सुरू होतं त्याला आमची मुलं 'असेंब्ली' म्हणतात.

"तो नव्हे वहिनी. कॅमोगीचा, म्हणजे बायकांच्या काठी-चेंडूच्या खेळाचा, कप शॉन ओडफीचा. तो मेयोकडचा, सज्जन माणूस, बायकांच्या खेळासाठी राबला. लायब्ररीतून मी चरित्र आणलंय ते ओएन ओडफीचं. तो मोनहनचा."

"बरं झालं विचारलं. पोरगी चित्राखाली भलत्याचंच नाव घालून बसली असती. मग तुमच्या ह्या ओडफीनं काय दिलं?"

"देशाला पोलिसखातं घडवून दिलं. आणि पुढे त्याच पोलिसांना डोकेदुखी."

वहिनींनी चिमट्यांची टोपली खाली ठेवली. म्हणजे बैठक लांबणार.

"मुळापासून सांगा. घरचा कसा?"

"शेतकऱ्याचा. कॅसलब्लेनीजवळचं खेडं, सात भावंडांत हा धाकटा. बारा वर्षांचा होता तेव्हा आई कॅन्सरनं गेली. तिची अंगठी जन्मभर बोटात वागवली."

"अगं आई! मग पुढे काही केलं असेल तर अर्धं तरी माफ."

"माफीची घाई नको. जन्मनाव ओवेन डफी. आयरिश बाणा अंगात भरला तसं ते ओएन ओडफी झालं. जुन्या पुस्तकांत जन्मसाल 1892 छापलंय, नव्या चरित्रात 1890. दोन वर्षं मध्येच गडप."

"त्यात काय एवढं? आमच्याकडे सगळ्या गावाचा जन्म 1 जूनचा. मास्तर टाकतील ती तारीख."

शिकायला सवरायला बरा होता, सर्व्हेयरच्या कचेरीत चिकटला, मग क्लोनिस भागात रस्त्यांच्या कामावर देखरेख करू लागला. "म्हणजे पीडब्ल्यूडी," वहिनींनी लगेच खातं ठरवून टाकलं. पण ह्या गड्याचं मन रस्त्यात नव्हतंच. ते होतं मैदानात. इंग्रजांचे क्रिकेट आणि रग्बी नकोत, आपल्या मातीतलं हर्लिंग आणि गेलिक फुटबॉल खेळा, असं सांगणारी जीएए ही संघटना 1884 सालीच निघाली होती. तिच्या अल्स्टर प्रांताचा सेक्रेटरी म्हणून 1912 साली ह्याची नेमणूक झाली. ऐन बाविशीत.

"खेळायचा कसा?"

"खेळाडू म्हणून त्याचं नाव कुणी घेत नाही. तो खेळवणारा. मैदान बघायचं, आगगाडीच्या वेळा जुळवायच्या, पंच आणायचा, गेटवरचे पैसे मोजायचे, मारामारी झाली तर मध्ये पडायचं."

"आमच्या जत्रेत कुस्त्या भरवणारे असतात ना, फेटा बांधून आखाड्याच्या कडेकडेनं फिरणारे, तसला. पैलवानापेक्षा त्यांचाच रुबाब जास्त."

वहिनींनी माणूस अचूक पकडला. मला चरित्राची निम्मी पानं लागली होती.

मग 1918 सालची गोष्ट आली. तेव्हा इंग्रज सरकारनं हुकूम काढला की परवान्याशिवाय सामना भरवायचा नाही. जीएएनं परवाना मागायचाच नाही असं ठरवलं. 4 ऑगस्टचा रविवार, दुपारचे तीन, आणि आयर्लंडभर गावागावांत एकाच वेळी सामने सुरू. हजारो पोरं मैदानात. पकडणार कुणाकुणाला? डब्लिनच्या क्रोक पार्क मैदानाबाहेर पोलिस उभे राहिले, तर कॅमोगीच्या मुलींनी तिथेच रस्त्यावर खेळ मांडला.

"रस्त्यावर? शाब्बास गं बायांनो!" वहिनींनी नातीची हर्ली कुंपणाला टेकवून ठेवली होती, ती उचलून बघितली. ॲशच्या लाकडाची काठी, टोकाशी पसरट, त्या पसरट भागाला पत्र्याची पट्टी मारलेली. एका कडेला लाकूड उललं होतं, तिथे काळी चिकटपट्टी गुंडाळलेली. "ही घेऊन पोरी रस्त्यात उतरल्या म्हटल्यावर पोलिस काय करणार बापडे!"

त्याच वर्षी एका सामन्यानंतर ओडफीला पकडून बेलफास्टच्या तुरुंगात टाकलं. आपल्याकडे टिळकांनी बेळगावात होमरूल लीग काढून तेव्हा दोनच वर्षं झाली होती, आणि ती कल्पना मुळात आली होती ती इथल्याच चळवळीवरून. एकाच सरकारचे दोन जावई, दोन टोकांना. असो. तुरुंगातून सुटला तो पुरता लढाऊ होऊन. सामने भरवायची हातोटी होतीच. तीच माणसं, त्याच गाड्या, तेच निरोप्ये, आता गनिमी काव्याला कामी आले. फेब्रुवारी 1920 मध्ये ह्यानं आणि अर्नी ओमॅली नावाच्या साथीदारानं मिळून मोनहनमधल्या बॅलीट्रेनची पोलिसचौकी घेतली. भिंतीला सुरुंग लावला, आतले शिपाई शरण आले, बंदुका नेल्या. अल्स्टरमध्ये अशी चौकी पडायची ती पहिलीच वेळ.

"आतले शिपाई इंग्रज का?"

"बहुतेक जण आयरिशच. शेतकऱ्यांची मुलं, पगारासाठी लागलेली."

वहिनी गप्प झाल्या. ज्यांच्या घरात खाकी आहे त्यांना चौकीची गोष्ट नेहमी आतल्या बाजूनं दिसते.

"आणि ह्याच चौकी फोडणाऱ्याला पुढे पोलिसांचा साहेब केला?"

"अहो, तिथेच तर गंमत आहे. दोन वर्षांत काय काय झालं बघा. 1921 ला मोनहनमधून खासदार. शस्त्रसंधी झाल्यावर बेलफास्टला संपर्क अधिकारी. तिथून आर्माच्या सभेत जाऊन असं भाषण ठोकलं की ऐकणार नाहीत त्यांना शिसं चारावं लागेल. उत्तरेतल्या लोकांनी त्या शिशावरूनच त्याला टोपणनाव दिलं, ते शेवटपर्यंत चिकटलं. 1922 ला आयआरएचा, म्हणजे इंग्रजांशी लढलेल्या त्या फौजेचा, चीफ ऑफ स्टाफ. मग आयर्लंडची फाळणी पत्करणारा तह मान्य की अमान्य ह्यावरून भाऊ भावाच्या उरावर बसला, तेव्हा हा तह मानणाऱ्या मायकल कॉलिन्सच्या बाजूनं जनरल. लिमरिक शहर ह्याच्या फौजेनं घेतलं. तेव्हा ह्याच्या हाताखाली मर्फी नावाचा एक होता, त्याला लक्षात ठेवा."

"का? त्याचंही काही आहे?"

"आहे. पण त्याची गोष्ट लहान आहे."

आता पोलिसखात्याचं. 1922 च्या फेब्रुवारीत नवं खातं उभं राहिलं आणि मे महिन्यात किल्डेरच्या केंद्रात नव्या भरतीनं बंड केलं. कारण साधं होतं: काल ज्यांच्या चौक्या फोडल्या तेच जुने अधिकारी आज आमच्या डोक्यावर कसे? ह्यात पहिला कमिशनर मायकल स्टेन्स ह्याची खुर्ची गेली. सप्टेंबरमध्ये ओडफीला आणलं. वय 32. यादवी पेटलेली, गावोगाव बंदुका, आणि ह्याच्या हाताखालची पोरं बिनहत्यारी.

"बिनहत्यारी म्हणजे? दांडकं तरी?"

"दांडकं आणि शिट्टी. सरकारनं ठरवलं होतं की जुन्या इंग्रजी पोलिसांसारखी बंदूक खांद्यावर नको. लोकांनी मान द्यायचा तो वर्दीला द्यावा."

"बोलायला सोपं. आमचे हे गडचिरोलीच्या बंदोबस्ताला होते तेव्हा मी रात्र रात्र जागी. आणि हे शिट्टी घेऊन?"

मग मी वहिनींना हेन्री फेलनचं सांगितलं. नोव्हेंबर 1922. कॅलन गावातला तरुण शिपाई. गावच्या पोरांची हर्लिंगची टीम काढायची म्हणून जवळच्या मलिनहोनला दुकानात हर्ली आणि चेंडू आणायला गेला. बंदूकवाले आत आले आणि त्याला तिथेच गोळी घातली. नव्या खात्यातला मारला गेलेला हा पहिला. आणि तरीही बंदूक आली नाही. ओडफीच्या दहा वर्षांत आली नाही, आजही गणवेशातला साधा गार्डा, म्हणजे इथला पोलिस, बंदुकीविना फिरतो. परवा आपल्या कोपऱ्यावर सायकल चोरीची तक्रार घ्यायला आला होता, त्याच्या कमरेला बघा, पिस्तूल नव्हतं.

हे श्रेय ओडफीचं एकट्याचं नाही, पण त्याचं आहे. यादवी जिंकलेल्या जनरलनं पोलिसांना फौज न होऊ देणं सोपं नसतं. त्यानं पोरांच्या हातात दुसरंच काही दिलं: हर्ली, बॉक्सिंगचे ग्लव्ह्ज, दोरखेच, बँड. प्रत्येक चौकीनं गावच्या खेळात उतरायचं. काल ज्याला गावानं वाळीत टाकलं असतं तो शिपाई रविवारी गावच्या टीममधून खेळू लागला की सोमवारी कुणी त्याच्याशी हुज्जत घालत नाही.

"आमच्याकडेही नायगावच्या मैदानावर पोलिसांच्या स्पर्धा होतात," वहिनी म्हणाल्या, "पण हे आपापसातच. गावाबरोबर कशाला कोण खेळतंय."

"ह्यानं खेळवलं. शिवाय धर्माचं वेड होतंच. 1928 ला अडीचशे शिपायांची यात्राच रोमला नेली, पोपच्या दर्शनाला. 1932 ला डब्लिनला कॅथलिकांचा महामेळा भरला, फिनिक्स पार्कच्या प्रार्थनेला दहा लाखांच्या घरात माणूस, तो सगळा बंदोबस्त ह्याचा. एक चेंगराचेंगरी नाही."

"दहा लाख? आणि दांडक्यावर? मग हुशारच म्हणायचा."

"हुशार होताच. त्याच उन्हाळ्यात लॉस एंजेलिसचं ऑलिंपिक. ऑलिंपिक कौन्सिलचा अध्यक्ष कोण? हाच. ॲथलेटिक्स संघटनेचा अध्यक्ष? हाच. बॉब टिस्डॉल म्हणून केंब्रिजला शिकलेला पोरगा, जन्म श्रीलंकेतल्या नुवारा एलियाचा. त्यानं जनरलला पत्र टाकलं की मला 400 मीटर अडथळ्यांत संधी द्या. ही शर्यत तो ह्याआधी फारशी धावलेलाच नव्हता."

"आणि घेतला?"

"घेतला. पहिल्या चाचणीत जमलं नाही, तरी पुन्हा संधी दिली. 1 ऑगस्टला पोरानं 51.7 सेकंदांत सोनं आणलं. शेवटचा अडथळा पायानं पाडला म्हणून विक्रम मात्र त्याच्या नावावर लागला नाही. तेव्हाचा नियमच तसा. तो लागला दुसऱ्या आलेल्याच्या नावावर."

"हा कुठला न्याय! पहिला येऊन विक्रम दुसऱ्याचा?"

"थांबा, त्याच तासात दुसरं सोनं. पॅट ओकॅलहन, डॉक्टर, हातोडाफेकीतला. त्याच्या बुटांचे खिळे तिथल्या कडक वर्तुळाला फार लांब पडले, पाय फिरेना. तर शर्यतीच्या मधल्या वेळात हा टिस्डॉल कानस घेऊन त्याचे खिळे घासत बसला. शेवटच्या फेकीला ओकॅलहन जिंकला. एका तासात दोन वेळा आयर्लंडचा झेंडा वर."

वहिनींना खिळे घासणारा पोरगा फार आवडला. दोन मिनिटं त्याचंच चाललं. मला वाटतं ओडफीच्या आयुष्यातलाही तो सगळ्यात वरचा दिवस. खेळाडू दुसरे, घाम दुसऱ्यांचा, आणि मागे सगळं जुळवून आणणारा हा. ह्या कामात त्याच्या तोडीचा माणूस देशात नव्हता. तिथेच थांबला असता तर आज त्याचे पुतळे असते.

"मग बिघडलं कुठे?"

"निवडणुकीत. 1932 ला डी व्हॅलेरा सत्तेवर आला. यादवीत हरलेल्या बाजूचा. ज्यांना काल ओडफीनं पकडलं ते आज मंत्री."

"अरे बाप रे. आता बदली."

"बदली कसली, 22 फेब्रुवारी 1933 ला थेट काढलाच. आणि डी व्हॅलेराची धास्ती अगदीच खोटी नव्हती. सत्ता त्याच्या हाती जाऊ नये म्हणून ह्यानं बंडाची चाचपणी केली होती, असं चरित्रात आहे. फौजेतल्या लोकांनी दाद दिली नाही. सरकारनं तेवढ्याच पगाराची दुसरी जागा देऊ केली, ह्यानं नाकारली."

"मान दुखावला."

"मान दुखावला, आणि समोर गर्दीही नाही. ज्याला वीस वर्षं टाळ्यांची सवय, तो घरी बसून काय करणार? पाच महिन्यांत माजी सैनिकांच्या संघटनेचा पुढारी झाला. निळे शर्ट, हात ताठ पुढे करून सलाम, सभेत त्याच्या नावाचा जयघोष. मुसोलिनी तेव्हा सगळ्यांनाच मोठा वाटत होता, ह्याला जास्तच वाटला. ऑगस्टमध्ये डब्लिनमध्ये निळ्या शर्टांचा मोर्चा काढायचं ठरवलं. निमित्त कॉलिन्सच्या स्मृतीचं. सरकारनं बंदी घातली."

"आणि बंदोबस्त?"

"त्याच्याच पोलिसांचा. जी पोरं त्यानं घडवली तीच ह्याला अडवायला उभी. ह्यानं मोर्चा मागे घेतला. तेवढं शहाणपण तेव्हा शिल्लक होतं."

आता खरी बातमी मी राखून ठेवली होती. "वहिनी, लिओ वराडकर माहीत आहे ना?"

"म्हणजे काय! आपल्या मालवणच्या वराडचा. पंतप्रधान झाला तेव्हा गावात फटाके."

"त्या लिओचा पक्ष फिने गेल. 1933 च्या सप्टेंबरात तीन गट एकत्र येऊन हा पक्ष निघाला. पहिला अध्यक्ष कोण, सांगा."

"नका सांगू!"

"ओएन ओडफी. संसदेत सीट नसताना पक्षाचा अध्यक्ष. वर्षभरात स्वतःच्याच माणसांशी फाटलं, भाषणं आवरेनात, 1934 ला राजीनामा. त्या पक्षाला आजही ही आठवण काढलेली आवडत नाही. आणि पाहा, ज्याच्या सभेत हात ताठ व्हायचे त्याच खुर्चीवर पुढे कोकणातल्या डॉक्टरचा मुलगा बसला."

वहिनींनी फळीवर थाप मारली. हे आज संध्याकाळी साताऱ्याला व्हिडिओ कॉलवर जाणार, ह्यात शंका नाही.

स्पेनचं मी भरभर सांगितलं, कारण आभाळ भरून येत होतं, आणि त्यात अभिमान वाटावा असं काही नाही. तिथल्या यादवीत फ्रँकोच्या बाजूनं, धर्मरक्षणासाठी म्हणून, 1936 च्या अखेरीस सुमारे 700 माणसं घेऊन गेला. पाचशेच्या आसपास माणसं डिसेंबरच्या एका रात्री गॉलवेहून छोट्या बोटीनं समुद्रात नेऊन जर्मन जहाजावर चढवली. बाहेर वादळ, सगळे ओकून बेजार. फेब्रुवारीत माद्रिदच्या दक्षिणेला आघाडीवर निघाले तर समोरून आलेल्या कॅनरी बेटांच्या तुकडीनं ह्यांना शत्रू समजलं. दोन्ही एकाच बाजूचे! गोळीबार झाला, माणसं मेली. पुढे खंदकांत पाऊस, आजार, अधिकाऱ्यांची भांडणं. शेवटी मतदान घेतलं: राहायचं की घरी जायचं? घरी जायच्या बाजूनं 654, राहायच्या बाजूनं 9.

"नऊ?"

"नऊ."

"सातशे माणसांची खाण्यापिण्याची सोय, हुकूम, शिस्त, हे तर त्याचं हातखंडा काम होतं म्हणालात."

वहिनींनी नेमकं बोट ठेवलं. दहा लाखांचा मेळा सांभाळणाऱ्याला सातशे माणसं सांभाळता आली नाहीत. तोवर दारूही फार वाढली होती; खात्यात असताना शिपायांना निर्व्यसनीपणाचे धडे देणारा हा माणूस. शिवाय मेळ्यात आणि सामन्यात तो दुसऱ्याचं काम करत होता, स्पेनमध्ये स्वतःचं पुढारीपण. त्याचं बळ पहिल्या कामात होतं, त्याला हाव दुसऱ्याची होती.

"आणि तो मर्फी? लक्षात ठेवा म्हणालात."

"डब्ल्यू. आर. ई. मर्फी. माझ्यासारखाच शिक्षक." हे मी जरा जोरात सांगितलं. "पहिल्या महायुद्धात इंग्रजांकडून लढून पदकं मिळवली, परत येऊन शाळेत शिकवायला लागला, मग ओडफीच्या हाताखाली यादवीत. 1923 ला डब्लिनच्या शहर पोलिसांचा कमिशनर. 1925 ला ते दल गार्डात विलीन झालं, हा डेप्युटी झाला, आणि 1955 पर्यंत डेप्युटीच राहिला. वरचे साहेब बदलले, सरकारं बदलली."

"तीस वर्षं डेप्युटी! आणि तोंडातून ब्र नाही?"

"बॉक्सिंगमध्ये जीव रमवला. हौशी बॉक्सिंगची संघटना बांधली. साऊथ सर्क्युलर रोडवर नॅशनल स्टेडियम आहे ना, खास बॉक्सिंगसाठी बांधलेलं, 1939 साली उघडलं, त्यामागे हा. त्याच वर्षी युरोपची स्पर्धा तिथे भरवली. आयर्लंडला ऑलिंपिकमध्ये सगळ्यात जास्त पदकं कुठल्या खेळात? बॉक्सिंगमध्ये."

पहिले थेंब पडले. दोघी दोन्ही बाजूंनी चादरी ओढायला लागलो.

"शेवट सांगा ना ओडफीचा! भिजू द्या कपडे."

"30 नोव्हेंबर 1944 ला गेला. पन्नाशी ओलांडून चारच वर्षं झाली होती. आदल्या वर्षी रशियाशी लढायला माणसं देतो म्हणून जर्मन वकिलातीकडे निरोप धाडत होता, कुणी मनावर घेतलं नाही. पण अंत्ययात्रा सरकारी इतमामात झाली. डी व्हॅलेराच्या सरकारनं दिला तो मान. ग्लासनेव्हिनच्या दफनभूमीत कॉलिन्सच्या जवळ पुरलाय. क्लोनिसच्या मैदानात एका बाजूला अजून ओडफी टेरेस आहे, अल्स्टरच्या फायनलला लोक तिथे उभे राहून ओरडतात."

वहिनी चादर छातीशी धरून, डोक्यावर पाऊस घेत, काहीतरी हिशोब करत उभ्या होत्या.

"बाई, ती जी दुसरी नोकरी देत होते, तिचा पगार तेवढाच होता ना?"

"तेवढाच."

"मग घ्यायची की मुकाट्यानं! ना शर्ट शिवावे लागले असते, ना स्पेन. आमच्या ह्यांनाही एकदा उचलून एमटी सेक्शनला टाकलं होतं. गेले, टायर मोजले, सहाला घरी आले. माझी तर तीच सगळ्यात सुखाची वर्षं."